जनुकांची नावं, संज्ञावली आणि संदर्भ-संग्रह: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे पान जीवशास्त्र आणि जैवतंत्रज्ञानाच्या विद्यार्थ्यांसाठी, जनुकीय चाचण्या लिहून देणाऱ्या डॉक्टरांसाठी आणि असा रिपोर्ट हातात घेऊन बसलेल्या कुटुंबांसाठी आहे. जनुकांची नावं आणि संकेत संगणकावर रोमन लिपीत असतात. इथे ते देवनागरीत दिले आहेत, शोधताना मात्र रोमन लिपीतच टाकावेत.

प्रमाणित संज्ञावली म्हणजे काय, आणि संदर्भ-संग्रह म्हणजे काय?

जनुक, त्यातला बदल, पेशीत चालणारी क्रिया, रुग्णाचं लक्षण, या सगळ्यांना जगभरच्या संशोधकांनी मिळून नावं ठरवली आहेत. प्रत्येक नावासोबत व्याख्या असते, एक ओळखक्रमांक असतो आणि इतर संज्ञांशी असलेलं नातं नोंदलेलं असतं. या सगळ्याला मिळून प्रमाणित संज्ञावली म्हणतात.

संदर्भ-संग्रह म्हणजे ज्याच्याशी आपला नमुना ताडून पाहायचा ती गोष्ट. तो कधी डीएनएचा क्रम असतो, कधी हजारो लोकांच्या जनुकीय माहितीचा साठा, तर कधी फ्रीजरमधली डीएनएची कुपी किंवा जिवंत जिवाणूंचा संच. संज्ञावली आणि संग्रह एकमेकांवाचून निरुपयोगी आहेत. नागपूरच्या प्रयोगशाळेत सापडलेला बदल आणि लंडनच्या रुग्णालयात सापडलेला बदल एकच आहे, हे संगणकाला कळायचं तर दोघांनी तो एकाच पद्धतीनं आणि एकाच संदर्भावर लिहायला हवा.

एकाच जनुकाची तीन-चार नावं दिसतात. खरं नाव कोणतं?

माणसाच्या जनुकांसाठी ह्युगो जीन नोमेनक्लेचर कमिटीनं मंजूर केलेलं नाव अधिकृत. या कामाची पहिली मार्गदर्शक तत्त्वं १९७९ साली आली. आज समितीनं मंजूर केलेली चिन्हं ४०,००० हून अधिक आहेत. प्रथिन बनवणारी जनुकं त्यांच्या निम्म्याहूनही कमी. बाकीची आरएनए बनवणारी किंवा निकामी झालेली.

नावं वाढतात याचं कारण साधं आहे. एकच जनुक दोन प्रयोगशाळांना दोन वेगळ्या वाटांनी सापडतं आणि दोघी आपापलं नाव देतात. स्तनाच्या कर्करोगाच्या रिपोर्टवर 'हर-टू' असतं, पण जनुकाचं अधिकृत चिन्ह आहे ईआरबीबी२. कर्करोगाचे डॉक्टर दिवसभर 'पीडी-एल१' म्हणतात, अधिकृत चिन्ह सीडी२७४. १९७९ मध्ये सापडलेल्या 'पी५३' प्रथिनाला त्याच्या वजनावरून नाव मिळालं आणि पुढे जनुकाचं चिन्ह टीपी५३ ठरलं. उंदरातलं तेच जनुक वेगळ्या स्पेलिंगनं लिहितात. शिवाय माणसाच्या जनुकाचं चिन्ह सगळं मोठ्या लिपीत असतं, उंदराच्या चिन्हात फक्त पहिलं अक्षर मोठं. प्रबंध तपासताना मला सर्वांत जास्त वेळा दिसणारी गफलत हीच: प्रयोग उंदरावर आणि चिन्ह माणसाचं.

बोलताना रूढ नाव वापरायला हरकत नाही. तक्त्यात मात्र अधिकृत चिन्ह लिहा आणि शेजारच्या रकान्यात ओळखक्रमांक ठेवा. चिन्ह बदलू शकतं, क्रमांक बदलत नाही.

एक्सेलमुळे जनुकांची नावं बदलावी लागली, हे खरं आहे?

खरं आहे. ही हकीकत प्रत्येक विद्यार्थ्याला पहिल्याच आठवड्यात सांगायला हवी.

माणसात सेप्टिन नावाच्या प्रथिनांचं एक कुटुंब आहे. त्यांच्या जनुकांची चिन्हं पूर्वी सेप्ट१, सेप्ट२ अशी होती. दुसऱ्या एका कुटुंबाची चिन्हं मार्च१, मार्च२ अशी. ही यादी एक्सेलमध्ये उघडली की एक्सेल त्यांना तारखा समजतं. सेप्ट२ चं होतं २ सप्टेंबर, मार्च१ चं होतं १ मार्च. फाइल सेव्ह केली की मूळ नाव गेलं, कारण आतमध्ये तारखेचा अंक साठवला जातो. दहा-वीस हजार ओळींच्या तक्त्यात अशा चार-सहा ओळी कुणाच्या डोळ्यांना दिसत नाहीत. काही ओळखक्रमांकांच्या मधोमध 'ई' हे रोमन अक्षर असतं आणि बाकी सगळे आकडे असतात. एक्सेल त्यांना भलीमोठी दशांश संख्या बनवून टाकतं.

हा घोळ २००४ मध्येच छापून आला होता. २०१६ मध्ये प्रकाशित निबंधांच्या पुरवणी-फाइली तपासल्या गेल्या, तेव्हा एक्सेलमध्ये जनुकांच्या याद्या देणाऱ्या सुमारे एक-पंचमांश निबंधांत हा दोष सापडला. २०२१ च्या फेरतपासणीत ते प्रमाण कमी होण्याऐवजी ३० टक्क्यांच्या आसपास गेलं. दरम्यान २०२० मध्ये नामकरण समितीनं अशा २७ जनुकांची चिन्हं बदलल्याचं जाहीर केलं. सेप्ट१ झालं सेप्टिन१, मार्च१ झालं मार्चएफ१. मायक्रोसॉफ्टनं आपोआप होणारं हे रूपांतर बंद करण्याची सोय दिली ती २०२३ मध्ये.

समितीनं केलं ते बरोबरच केलं, असं माझं ठाम मत आहे. लाखो लोकांची सवय मोडण्यापेक्षा २७ नावं बदलणं सोपं होतं. पण जुने तक्ते अजून इंटरनेटवर तसेच आहेत. जुन्या निबंधाची पुरवणी-फाइल उतरवलीत तर आधी नावांच्या रकान्यात तारखा शोधा, आणि स्वतःची यादी एक्सेलमध्ये आणताना तो रकाना 'टेक्स्ट' म्हणून आणा.

सिकलसेलच्या रिपोर्टवर 'ग्लू७व्हॅल' लिहिलं आहे, पण पुस्तकात सहाव्या जागी बदल होतो असं आहे. रिपोर्ट चुकला का?

नाही, दोन्ही बरोबर आहेत. विदर्भात आणि नंदुरबारकडे सिकलसेलचे रुग्ण मोठ्या संख्येनं आहेत, त्यामुळे हा प्रश्न वारंवार येतो. म्हणून जरा सविस्तर सांगतो.

व्हर्नन इनग्रॅम यांनी १९५६-५७ मध्ये दाखवून दिलं की सिकलसेलच्या हिमोग्लोबिनमध्ये एकाच अमिनो आम्लाचा फरक असतो. बीटा साखळीत ग्लुटामिक आम्लाच्या जागी व्हॅलीन येतं. त्यांच्यासमोर होतं रक्तातलं तयार प्रथिन, आणि त्यात ही जागा सहावी आहे. मात्र पेशीत प्रथिन बनायला सुरुवात होते मेथिओनीन या अमिनो आम्लापासून. ते पहिलं मेथिओनीन नंतर छाटलं जातं. जनुकाचा क्रम वाचता यायला लागल्यावर मोजणी या पहिल्या मेथिओनीनपासून करायची असं ठरलं, आणि सहावी जागा सातवी झाली.

आजची लेखनपद्धती ह्यूमन जीनोम व्हेरिएशन सोसायटीची आहे. तिच्याप्रमाणे हा बदल असा लिहितात: एचबीबी, सी.२०ए>टी, पी.ग्लू७व्हॅल. 'एचबीबी' हे बीटा साखळीच्या जनुकाचं चिन्ह. 'सी.' म्हणजे प्रथिन बनवणाऱ्या क्रमातली जागा. सातवा कोडॉन (एका अमिनो आम्लाचा संकेत असलेला तीन अक्षरांचा गट) १९, २० आणि २१ या तीन जागांवर येतो. त्यातल्या मधल्या, म्हणजे २० व्या जागी 'ए' चा 'टी' झाला, जीएजी चं जीटीजी झालं. 'पी.' म्हणजे प्रथिनातली जागा.

आता प्रयोगशाळेनं मूळ संगणकीय फाइल दिली असेल तर तिथे अकराव्या गुणसूत्रावर ५२२७००२ ही जागा दिसेल आणि बदल 'टी' चा 'ए' झाला असा असेल. रिपोर्टवर 'ए' चा 'टी' आणि फाइलमध्ये 'टी' चा 'ए' पाहून माणसं घाबरतात. एचबीबी हे जनुक डीएनएच्या उलट्या धाग्यावर वाचलं जातं आणि फाइल नेहमी सुलट्या धाग्यावरून लिहिली जाते. 'ए' समोर 'टी' असतोच, म्हणून अक्षरं उलटलेली दिसतात. याच बदलाचा सार्वजनिक क्रमांक आरएस३३४. सहा म्हणा, सात म्हणा, सुलटा धागा घ्या की उलटा, आरएस३३४ एकच.

थॅलेसेमियातही असाच सापळा आहे. भारतात सर्वांत जास्त आढळणाऱ्या बीटा थॅलेसेमियाच्या बदलाचं जुनं नाव आहे 'आयव्हीएस१-५, जी चा सी'. यातली आडवी रेघ नुसती जोडरेघ आहे, पण नव्या पद्धतीत तीच रेघ वजाचं चिन्ह ठरते. अधिकृत लेखन आहे सी.९२+५जी>सी, म्हणजे पहिला एक्सॉन (जनुकाचा अंतिम आरएनएत टिकणारा तुकडा) संपल्यानंतरच्या इन्ट्रॉनमधलं (मधल्या, छाटल्या जाणाऱ्या तुकड्यातलं) पाचवं अक्षर. रेघेचा अर्थ वजा घेतला तर माणूस त्याच इन्ट्रॉनच्या दुसऱ्या टोकाला पोहोचतो. गर्भजल तपासणीत नवराबायकोचे बदल आधी माहीत असावे लागतात, आणि दोघांचे रिपोर्ट वेगवेगळ्या दशकांतले असू शकतात. एक जुन्या पद्धतीनं लिहिलेला, एक नव्या. अशा वेळी दोन्ही नावं शेजारी-शेजारी लिहिणारी प्रयोगशाळा कुटुंबावर उपकारच करते.

'जीआरसीएच३७' आणि 'जीआरसीएच३८' हे काय आहे? रिपोर्टवर ते लिहिलंच नसेल तर?

लिहिलं नसेल तर विचारा. हा तुमचा हक्क आहे.

ह्या संदर्भ जीनोमच्या, म्हणजे तुलनेसाठी ठरवलेल्या माणसाच्या संपूर्ण डीएनए-क्रमाच्या, आवृत्त्या आहेत. मानवी जीनोम प्रकल्प एप्रिल २००३ मध्ये पूर्ण झाल्याचं जाहीर झालं, पण क्रमात फटी होत्या आणि चुकाही. त्या दुरुस्त करत २००९ मध्ये जीआरसीएच३७ आली आणि डिसेंबर २०१३ मध्ये जीआरसीएच३८. पहिलीला बरेच जण एचजी१९ म्हणतात, दुसरीला एचजी३८. दुरुस्ती करताना कुठे क्रम वाढतो, कुठे कमी होतो, आणि पुढच्या सगळ्या जागा सरकतात. वर सांगितलेला सिकलसेलचा बदल जीआरसीएच३८ वर ५२२७००२ या जागी आहे, जीआरसीएच३७ वर तोच ५२४८२३२ या जागी. फरक २१,२३० अक्षरांचा. गावात जमिनीचं एकत्रीकरण झालं आणि जुने सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, तसंच हे. जमीन तीच, पण कुठला नंबर सांगताय ते स्पष्ट नसेल तर दुसऱ्याच्या शेतात उभं राहाल.

आमच्याकडे एकदा बाहेरच्या एका प्रयोगशाळेकडून बदलांची लांबलचक यादी आली. गुणसूत्र होतं, जागा होती, अक्षरं होती. आवृत्ती कुठेच नव्हती. ओळखीच्या चार-पाच बदलांच्या जागा दोन्ही आवृत्त्यांत ताडून पाहिल्यावर ती ३७ वरची निघाली. एका ओळीची माहिती, पण ती नसल्यामुळे एका आजारी मुलाचा रिपोर्ट लांबला.

एका आवृत्तीवरून दुसरीवर जागा बदलून देणारी साधनं मोफत मिळतात, 'लिफ्टओव्हर' हे त्यातलं सर्वांत परिचित. मात्र काही जागांना दुसऱ्या आवृत्तीत जोडच नसते, तेव्हा रूपांतरानंतर किती ओळी गळल्या ते मोजायचं.

संदर्भ जीनोम नेमका कुणाचा आहे?

एका माणसाचा नाही, पण बराचसा एकाचा आहे. अमेरिकेतल्या न्यूयॉर्क राज्यातल्या बफेलो शहरात १९९७ मध्ये वर्तमानपत्रात जाहिरात देऊन स्वयंसेवक मिळवले गेले. नावं गुप्त ठेवली. तयार झालेल्या संदर्भ क्रमाचा सुमारे ७० टक्के भाग त्यांतल्या एकाच दात्याकडून आला आहे.

त्यामुळे 'संदर्भ' म्हणजे 'निरोगी' किंवा 'आदर्श' असं समजू नये. काही जागी संदर्भात असलेलं अक्षरच जगात दुर्मीळ आहे. संदर्भापेक्षा वेगळं म्हणजे आजार, हा निष्कर्ष कधीच काढायचा नसतो.

२०२२ मध्ये टेलोमियर-टू-टेलोमियर गटानं पहिल्यांदा एक्स आणि बाकीच्या २२ गुणसूत्रांचा सलग, फटी नसलेला क्रम प्रसिद्ध केला. जुन्या संदर्भात सुमारे ८ टक्के भाग कोरा होता, तो भरला गेला. त्यासाठी द्राक्षगर्भापासून (गर्भाऐवजी द्राक्षांच्या घडासारखी वाढ होते त्या सदोष गर्भधारणेतून) मिळालेल्या पेशी वापरल्या, कारण त्यांत गुणसूत्रांचे दोन्ही संच सारखेच असतात आणि जोडणी सोपी जाते. वाय गुणसूत्र त्यात नव्हतं, ते २०२३ मध्ये पूर्ण झालं. त्याच वर्षी मे महिन्यात ४७ जणांच्या जीनोमवर आधारलेला 'पॅनजीनोम'चा पहिला मसुदा आला. रुग्णालयांतलं रोजचं काम मात्र अजून बहुतांशी ३८ वर आणि काही ठिकाणी ३७ वरच चालतं.

रिपोर्टवर 'एनएम' ने सुरू होणारा एक लांब क्रमांक असतो. तो कशासाठी?

एका जनुकापासून अनेक आरएनए प्रती बनतात, आणि प्रत बदलली की जागांची मोजणी बदलते. 'एनएम' क्रमांक कोणती प्रत धरली ते सांगतो. एचबीबी साठी तो एनएम_०००५१८.५ आहे. शेवटचा ५ ही आवृत्ती, ती गाळू नये. अमेरिकेची एनसीबीआय आणि युरोपची ईएमबीएल-ईबीआय या दोन संस्था पूर्वी वेगवेगळ्या प्रती धरायच्या. आता 'मेन सिलेक्ट' या उपक्रमात दोघींनी प्रत्येक प्रथिन-जनुकासाठी एकच प्रत ठरवायला घेतली आहे आणि बहुतेक जनुकांचं काम झालं आहे.

जीन ऑन्टॉलॉजी म्हणजे काय? प्रत्येक निबंधात ती का दिसते?

१९९८ मध्ये फळमाशी, यीस्ट आणि उंदीर यांच्या डेटाबेसवर काम करणारे लोक एकत्र आले. मायकेल ॲशबर्नर हे त्यांतलं ठळक नाव. अडचण अशी होती की माशीत आणि यीस्टमध्ये तेच काम करणारी जनुकं होती, पण प्रत्येक डेटाबेसचे शब्द वेगळे. त्यांनी एक सामाईक संज्ञावली बांधली, २००० मध्ये तिचा निबंध आला, आणि आज तिच्यात सुमारे ४०,००० संज्ञा आहेत.

तिच्या तीन शाखा आहेत: रेणू म्हणून जनुकाचं उत्पादन काय करतं, ते कुठल्या जैविक प्रक्रियेत भाग घेतं, आणि पेशीत कुठे असतं. प्रत्येक संज्ञेला क्रमांक असतो. पेशीच्या नियोजित मृत्यूची संज्ञा आहे जीओ:०००६९१५. एका संज्ञेला एकाहून जास्त पालक-संज्ञा असू शकतात, म्हणून ही वंशावळीसारखी सरळ उतरंड नाही. जनुकाला खालची, नेमकी संज्ञा जोडली की तिच्या वरच्या सगळ्या सर्वसाधारण संज्ञा आपोआप लागू होतात.

विद्यार्थी बहुधा पाहत नाहीत तो भाग म्हणजे पुराव्याचा संकेत, आणि माझ्या मते सगळ्या जीन ऑन्टॉलॉजीचा जीव त्यात आहे. 'हे जनुक अमुक करतं' या प्रत्येक नोंदीपुढे ते कशावरून म्हटलं ते दोन-तीन अक्षरांत लिहिलेलं असतं. 'आयडीए' म्हणजे थेट प्रयोगातून दिसलं. 'आयएमपी' म्हणजे जनुक बिघडवल्यावर काय झालं त्यावरून. 'आयईए' म्हणजे संगणकानं साम्यावरून जोडलं आणि त्या नोंदीवर कुणा माणसाची नजर गेलेली नाही. 'एनडी' म्हणजे शोधलं, पण माहिती मिळाली नाही. कमी अभ्यासलेल्या प्राण्या-वनस्पतींत जवळपास सगळ्या नोंदी 'आयईए' असतात. त्यांच्या आधारे प्रयोग आखावा, पण त्यांनाच निष्कर्ष म्हणून छापू नये. काही नोंदींत 'नाही' असा शेराही असतो: हे जनुक हे काम करत नाही, असं प्रयोगानं दाखवलेलं. यादी गाळताना तो शेरा हरवला की अर्थ नेमका उलटा होतो.

माझ्या जनुकांच्या यादीत कुठल्या प्रक्रिया 'जास्त' आहेत ते काढलं. मार्गदर्शक म्हणतात पुन्हा करा. का?

बहुधा दोन कारणं असतील. एक, तुलनेसाठी तुम्ही सगळी मानवी जनुकं घेतली, पण तुमच्या प्रयोगात त्यांतली फक्त काही मोजता येण्याजोगी होती. यकृताच्या नमुन्यात यकृताची जनुकं 'जास्त' येणारच. तुलना फक्त मोजलेल्या जनुकांशी करा. दोन, हा हिशेब करणाऱ्या साधनाच्या पोटातली माहिती जुनी आहे. अशाच एका लोकप्रिय साधनाचा साठा २०१० पासून २०१६ पर्यंत अद्ययावत झाला नव्हता आणि त्या काळातही लोक त्यावर निबंध लिहीत होते. पद्धतीच्या भागात जीन ऑन्टॉलॉजीची तारीख लिहा. ती दर महिन्या-दोन महिन्यांनी बदलते.

डॉक्टरांनी लक्षणं नेहमीच्या भाषेत लिहिली तर काय बिघडतं?

माणसानं वाचायचं असेल तर काही नाही. पण दुर्मीळ आजाराच्या मुलाच्या जीनोममध्ये लाखो बदल असतात. त्यांतले संशयित निवडताना संगणक लक्षणांची मदत घेतो, आणि त्याला 'फिट', 'आकडी', 'झटके' ही एकच गोष्ट आहे हे ठाऊक नसतं.

यासाठी ह्यूमन फेनोटाइप ऑन्टॉलॉजी, म्हणजे लक्षणांची प्रमाणित संज्ञावली, आहे. २००८ मध्ये बर्लिनच्या शारिटे रुग्णालयात पीटर रॉबिन्सन यांच्या गटानं ती सुरू केली. आज तिच्यात १८,००० हून अधिक संज्ञा आहेत. आकडी म्हणजे एचपी:०००१२५०, डोकं लहान असणं म्हणजे एचपी:००००२५२, सगळ्याच बाबतींत विकास उशिरा होणं म्हणजे एचपी:०००१२६३. तापात येणाऱ्या आकडीची वेगळी, खालची संज्ञा आहे, आणि निदानाच्या दृष्टीनं हा फरक मोठा आहे. म्हणून आईला विचारायचं: आकडी आली तेव्हा अंगात ताप होता का? दर वेळी होता का? उत्तर मराठीत, नोंद क्रमांकानं.

जे लक्षण तपासलं आणि नव्हतं, तेही 'नाही' असं नोंदवा. 'दृष्टी तपासली, ठीक आहे' आणि 'दृष्टी तपासलीच नाही' यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे, आणि बहुतेक केसपेपरवर दोन्हींच्या जागी कोरी ओळ असते.

'अनिश्चित महत्त्वाचा बदल' असा शेरा आला. याचा अर्थ काय घ्यायचा?

२०१५ मध्ये अमेरिकेतल्या दोन वैद्यकीय संघटनांनी पाच पायऱ्या ठरवल्या: रोगकारक, बहुधा रोगकारक, अनिश्चित, बहुधा निरुपद्रवी, निरुपद्रवी. मधली पायरी म्हणजे दोन्हीकडचा पुरावा अपुरा. तिच्या आधारे शस्त्रक्रिया किंवा गर्भपातासारखे निर्णय घेऊ नयेत. प्रयोगशाळा आपापले निष्कर्ष 'क्लिनव्हार' या सार्वजनिक साठ्यात जमा करतात, आणि नवा पुरावा आला की शेरा बदलतो. दोन-तीन वर्षांनी पुन्हा विचारणं रास्त आहे.

आपल्याकडे हा शेरा जास्त येतो, कारण तुलनेचे साठे आपल्या लोकांचे नाहीत. एखादा बदल दुर्मीळ आहे की सर्रास आढळतो हे 'नोमॅड' सारख्या साठ्यांवरून ठरतं. त्यात आता ८ लाखांहून अधिक लोकांची माहिती आहे, पण सर्वांत मोठा वाटा युरोपीय वंशाच्या लोकांचा. १००० जीनोम प्रकल्पात २६ समाजगटांतले २,५०४ लोक होते. दक्षिण आशियातले पाच गट होते ह्यूस्टनचे गुजराती, ब्रिटनमधले तेलुगू आणि श्रीलंकन तमिळ, बांगलादेशातले बंगाली आणि लाहोरचे पंजाबी. मराठी गट त्यात नाही. युरोपीय माहितीवरून दुर्मीळ वाटणारा बदल इथे घराघरांत असू शकतो. एमवायबीपीसी३ या हृदयाच्या जनुकातली २५ अक्षरांची गळती दक्षिण आशियात सुमारे ४ टक्के लोकांत असते, इतरत्र जवळजवळ नाहीच. २००९ मध्ये भारतीय रुग्णांचा अभ्यास झाला तेव्हा हृदयस्नायूच्या आजाराशी तिचा संबंध पुढे आला.

सीएसआयआरच्या इंडिजेन प्रकल्पानं हजाराहून अधिक भारतीयांचे जीनोम वाचले. जैवतंत्रज्ञान विभागाच्या जीनोम इंडिया प्रकल्पात सुमारे १०,००० जणांचे जीनोम वाचून झाले आणि ९ जानेवारी २०२५ ला ती माहिती फरिदाबादच्या इंडियन बायोलॉजिकल डेटा सेंटरमधून संशोधकांसाठी खुली करण्यात आली. तुमच्या प्रयोगशाळेला विचारा: भारतीय साठ्याशी ताडून पाहिलं का?

प्रयोगशाळेचं यंत्र बरोबर वाचतं हे कसं कळतं?

ज्याचं उत्तर आधी माहीत आहे असा डीएनए वाचून. अमेरिकेची मानक संस्था एनआयएसटी 'जीनोम इन अ बॉटल' या नावानं असे नमुने देते. पहिला २०१५ मध्ये आला, युटामधल्या एका स्त्रीच्या पेशींपासून बनवलेला. पहिल्या सात नमुन्यांत अश्केनाझी ज्यू आणि हान चिनी कुटुंबं आहेत, दक्षिण आशियाई कुणी नाही.

कोरोनाच्या वेळचा 'डबल म्युटंट' हे अधिकृत नाव होतं का?

नव्हतं, आणि नाव नसल्यामुळे काय होतं याचं ते महाराष्ट्रातलंच उदाहरण आहे. २४ मार्च २०२१ ला केंद्रीय आरोग्य मंत्रालयानं सांगितलं की महाराष्ट्रातल्या नमुन्यांत ई४८४क्यू आणि एल४५२आर हे बदल असलेल्यांचं प्रमाण वाढलं आहे. 'डबल म्युटंट' हा शब्द त्याच दिवशी सगळीकडे गेला. त्या विषाणूत बदल दोनच होते असं नाही, दोनांकडे लक्ष वेधलं गेलं होतं इतकंच.

विषाणूच्या वंशांना क्रमांक देणाऱ्या पँगो पद्धतीत त्या वंशाला बी.१.६१७ क्रमांक मिळाला आणि लवकरच त्याच्या उपशाखा वेगळ्या झाल्या. ३१ मे २०२१ ला जागतिक आरोग्य संघटनेनं ग्रीक अक्षरं दिली: बी.१.६१७.१ ला कप्पा, बी.१.६१७.२ ला डेल्टा. दुसरी लाट ज्यानं भयंकर केली त्या डेल्टात ई४८४क्यू नाहीच, त्याऐवजी टी४७८के आहे. म्हणजे 'डबल म्युटंट' म्हणणारा एक माणूस कप्पाबद्दल बोलत होता, दुसरा डेल्टाबद्दल, आणि दोघांना वाटत होतं विषय एकच आहे. ४५२ किंवा ४८४ या जागा स्पाइक प्रथिनातल्या आहेत, आणि मोजणीचा आधार वुहानच्या पहिल्या नमुन्यांपैकी एकाचा २९,९०३ अक्षरांचा क्रम.

पुण्यात जिवाणूंचे संग्रह आहेत असं ऐकलं. त्यांचा याच्याशी काय संबंध?

थेट संबंध आहे. जिवाणूच्या नव्या जातीचं नाव मान्य व्हायचं तर तिचा नमुना-वाण दोन वेगळ्या देशांतल्या दोन संग्रहांत जिवंत ठेवावा लागतो. म्हणजे नावामागे प्रत्यक्ष वस्तू असावी लागते, नुसता क्रम चालत नाही. पुण्यात राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत औद्योगिक सूक्ष्मजीवांचा संग्रह आहे, आणि राष्ट्रीय पेशी विज्ञान केंद्राचं नॅशनल सेंटर फॉर मायक्रोबियल रिसोर्स आहे. या केंद्राला २०११ मध्ये बुडापेस्ट करारानुसार पेटंटसाठी वाण ठेवून घेण्याची आंतरराष्ट्रीय मान्यता मिळाली. लोणार सरोवराच्या किंवा शेतातल्या मातीच्या नमुन्यात नवा जिवाणू सापडला असं वाटत असेल, तर नाव सुचवण्याआधी अशा संग्रहाशी बोलून घ्या.

या संज्ञा मराठीत वापरता येतील का?

येतील, आणि वापराव्यात. संगणक क्रमांक पाहतो, त्याच्यापुढचं लेबल कोणत्याही भाषेत असू शकतं. फेनोटाइप ऑन्टॉलॉजीच्या संज्ञांची भाषांतरं अनेक भाषांत झाली आहेत. मराठीत हे काम करायचं तर जिल्हा रुग्णालयातल्या परिचारिका आणि आशा ताई यांना सोबत घ्यावं लागेल. लक्षणाला घरात काय म्हणतात हे त्यांना ठाऊक असतं, आणि चंद्रपूरचा शब्द कोल्हापुरात चालेलच असं नाही.

डेटाबेसमध्ये चूक दिसली तर कुणाला सांगायचं?

त्यांनाच. जनुक नामकरण समितीच्या संकेतस्थळावर सूचनेचा अर्ज आहे. जीन ऑन्टॉलॉजी आणि फेनोटाइप ऑन्टॉलॉजी यांच्या चुका गिटहब या संकेतस्थळावर उघडपणे नोंदवता येतात आणि तिथली चर्चा सगळ्यांना वाचता येते. नोंद करताना संज्ञेचा क्रमांक, काय चुकलं आणि ते दाखवणारा निबंध, एवढं द्या. पदवी विचारत नाहीत, एमएस्सीच्या विद्यार्थ्यानं सुचवलेली दुरुस्तीही घेतली जाते. एखादी संज्ञा रद्द झाली तरी तिचा क्रमांक पुसला जात नाही आणि दुसऱ्या संज्ञेला दिलाही जात नाही. त्यापुढे 'रद्द' लिहितात, आणि पर्यायी संज्ञा ठरली असेल तर तीही सोबत देतात. त्यामुळे जुन्या निबंधातला क्रमांक आज शोधला तरी सापडतो.